कोबीच्या रानातला पोरगा



कोबी निघाला की त्या रानाचे तुम्ही काय करता? कोणी नांगरून तापायला सोडतो, कोणी मेंढ्या बसवतो, विहिरीला पाणी असेल तर कोणी लगेच काकडी नाहीतर भुईमूग टाकतो. रान रिकामे ठेवणे आपल्या जिवावर येते. पण जिथे पीक निघाल्यावर चार-पाच महिने शेतावर बर्फ पडून राहते, तिथला शेतकरी काय करत असेल? दक्षिण कोरियातल्या एका डोंगरी गावात लोकांनी अशा रानाची घसरगुंडी केली. त्या घसरगुंडीवर शिकलेल्या एका मुलाने पुढे ऑलिंपिकचे रौप्यपदक मिळवले. त्याचे नाव ली सांग-हो. आज त्याची हकिकत सांगायची आहे.

आधी त्या रानाकडे पाहू, कारण ते आपल्या विषयातले आहे. कोरियाच्या ईशान्येला गांगवॉन नावाचा डोंगराळ प्रांत आहे. तिथे समुद्रसपाटीपासून सहाशे मीटरच्या वर, काही ठिकाणी अकराशे मीटरपर्यंत, डोंगर उतारावर उन्हाळी कोबी घेतात. हा आपला गोल गड्ड्याचा कोबी नव्हे. हा लांबट, सैल पानांचा चिनी कोबी. दोन्ही मोहरीच्याच कुळातले. पण हा सलगम आणि तोरीच्या जवळचा, आपला कोबी फुलकोबीच्या जवळचा. मीठ, मिरची आणि लसूण लावून त्याचे किमची नावाचे आंबवलेले लोणचे करतात. कोरियात किमचीवाचून जेवणाचे ताट पुरे होत नाही. आपल्याकडे उन्हाळ्यात पापड-कुरडयांसाठी बायका एकत्र जमतात, तशा तिथे नोव्हेंबरच्या सुमारास वर्षाची किमची घालायला घरोघरच्या बायका जमतात.

या कोबीला गारवा लागतो. अठरा-वीस अंशांच्या आसपास तो खुशीत वाढतो. पारा वर गेला की गड्डा नीट बांधत नाही आणि कुज लागते. त्यामुळे मैदानात उन्हाळ्यात तो पिकत नाही. उंच डोंगरावर मात्र पिकतो आणि माल टंचाईच्या दिवसांत बाजारात गेल्याने भाव मिळतो. महाबळेश्वर-पाचगणीच्या स्ट्रॉबेरीवाल्यांना हे गणित समजावून सांगायला नको.

पण उताराचे रान म्हटले की माझ्यासारख्याच्या पोटात गोळा येतो. उतारावर पाऊस पडला की माती चालू लागते. गांगवॉनच्या कोबीवाल्यांनाही तेच दुखणे आहे. पावसाळ्यात तिथल्या नद्या-तलाव गढूळ होतात आणि काही वर्षांनी शेतकऱ्याला बाहेरून माती आणून रानावर पसरावी लागते. शेतीला जो उतार शाप, तोच बर्फ पडल्यावर पोरांच्या कामी आला, एवढेच इथे लक्षात घ्या.

गाव साबुक, जिल्हा जोंगसॉन. मूळचे हे कोळशाच्या खाणींचे गाव. १९८९ नंतर सरकारी धोरणाने तिथल्या खाणी एकेक करून बंद होत गेल्या आणि माणसे गाव सोडू लागली. सांग-होचा जन्म १९९५ सालचा, म्हणजे खाणींच्या पडत्या काळातला. आज त्या भागात मोठे स्की-केंद्र आहे, पण ते २००६ च्या अखेरीस सुरू झाले. हा पोरगा प्राथमिक शाळेच्या पहिल्या वर्गात होता तेव्हा त्यातले काही नव्हते. होते ते एक कोबीचे रान. कोबी काढून झाला की लोक हिवाळ्यापुरती त्याची घसरगाडीची उतरण करत. वडिलांना स्नोबोर्डचा नाद. ते पोराला तिथे घेऊन गेले.

स्नोबोर्ड म्हणजे बर्फावरून घसरण्याची फळी. तिच्यावर दोन्ही पाय जखडून आडवे उभे राहायचे आणि उतारावरून खाली यायचे. हवेत कोलांट्या मारण्याचे जे प्रकार टीव्हीवर दिसतात, ते वेगळे. सांग-हो खेळतो त्या प्रकाराला अल्पाइन म्हणतात. त्यात फळी अरुंद आणि लांब असते, बूट कडक असतात आणि काम एकच: रोवलेल्या निशाणांना वळसे घालत सर्वांत आधी खाली पोचणे. एक वाट तांबडी, एक निळी. दोन खेळाडू शेजारी-शेजारी एकदम सुटतात. आधी वेळ लावून चाचणी होते, त्यातून सोळा निवडले जातात, आणि मग आपल्या कुस्तीच्या आखाड्यासारखे, हरला तो बाहेर.

यातली खरी कारागिरी फळीच्या कडेत आहे. कडेला पोलादाची धार असते. वळताना अंग इतके झुकवायचे की ती धार बर्फात रुतली पाहिजे आणि मागे एक बारीक, स्वच्छ रेघ उमटली पाहिजे. धार सुटली की फळी आडवी घसरते, बर्फाचा भुगा उडतो. पाहणाऱ्याला मोठी गंमत वाटते, पण खेळाडूचा वेग गेलेला असतो. ज्याने बैलांमागे नांगर धरला आहे त्याला हे शब्दांशिवाय कळेल. फाळ बरोबर बसला तर तास सरळ पडते आणि बैलही दमत नाहीत. फाळ उचलला तर ढेकळे उडतात, काम होत नाही.

कोबीचे रान होते म्हणून पोरगा मोठा झाला, असे मात्र मी म्हणणार नाही. वर्तमानपत्रांना अशी गोष्ट आवडते. नुसत्या रानावर गल्लीतला पोरगा तयार होतो, ऑलिंपिकचा होत नाही. २०१४ नंतर कोरियाच्या स्की संघटनेला एका मोठ्या उद्योगसमूहाचे पाठबळ मिळाले. परदेशी प्रशिक्षक आले, फळीच्या तळाला दिवसाच्या बर्फाप्रमाणे मेण लावणारा जाणकार आला, परदेशात सरावाचे दिवस मिळाले. बी चांगले होते, पण खत-पाणी वेळेवर मिळाले हेही सांगितले पाहिजे. आपण बऱ्याचदा बियाण्याचेच कौतुक करत बसतो.

फेब्रुवारी २०१७ मध्ये जपानमधल्या सापोरोला आशियाई हिवाळी स्पर्धा झाल्या. सांग-होने तिथे दोन सुवर्णपदके घेतली. मार्चमध्ये तुर्कस्तानात कायसेरीला विश्वचषकाच्या शर्यतीत तो दुसरा आला. एवढ्या वरच्या पायरीवर उभा राहिलेला तो पहिला कोरियन स्नोबोर्डपटू. पुढच्याच वर्षी ऑलिंपिक त्याच्या घरी, गांगवॉन प्रांतातच प्योंगचांगला होते.

२४ फेब्रुवारी २०१८. चाचणीत तो तिसरा आला. बाद फेरीत एकेकाला मागे टाकत उपांत्य सामन्यात पोचला. तिथे समोर स्लोव्हेनियाचा झान कोशिर. दोघे जवळजवळ एकदमच खाली आले. घड्याळ पाहिले तर सांग-हो एका शतांश सेकंदाने पुढे. एक शतांश म्हणजे किती? ताशी साठ किलोमीटरचा वेग धरला तर एवढ्या वेळात सतरा सेंटीमीटरच्या आतच अंतर कापले जाते. वीतभरसुद्धा नाही. अंतिम सामन्यात स्वित्झर्लंडच्या नेविन गालमारिनीने त्याला ०.४३ सेकंदाने हरवले. रौप्यपदक. कोरियाचे स्की-खेळाडू ऑलिंपिकला पहिल्यांदा गेले १९६० मध्ये. तेव्हापासून अठ्ठावन्न वर्षांत स्की किंवा स्नोबोर्डमध्ये त्या देशाला मिळालेले हे पहिले पदक.

आता त्याच्या टोपणनावाबद्दल. कोरियात त्याला 'बेचू बॉय' म्हणतात. बेचू म्हणजे तोच चिनी कोबी. बॉय म्हणजे आपल्यालाही ठाऊक असलेला इंग्रजीतला पोरगा. कोबीपोऱ्या म्हणा. त्याने ते नाव झटकले नाही. आज त्याच्या बातमीत खऱ्या नावाच्या आधी हे नाव छापतात.

या नावापाशी मी थोडा थबकलो, कारण मलाही असे एक नाव होते. कृषी महाविद्यालयाच्या वसतिगृहात मुले मला 'वांग्या' म्हणत. माझे वडील आठवडी बाजाराला वांग्याच्या पाट्या घेऊन यायचे आणि परतताना माझ्या खोलीवर डोकवायचे. धोतराला पाटीचे डाग असायचे. एकदा मित्रांसमोर मी त्यांना 'गावाकडचे गृहस्थ आहेत' असे म्हणालो. त्यांनी ते ऐकले. काही बोलले नाहीत, आणलेला डबा ठेवला आणि एस. टी. पकडायला गेले. पुढे त्यांनी माझ्या नोकरीची पहिली बदली पाहिली, दोन नातवंडे पाहिली, पण त्या दिवसाचा विषय आमच्यात कधी निघाला नाही. आता काढायचा म्हटले तरी ते नाहीत. असो. तुमच्या घरात शहरात शिकणारे कोणी असेल तर हा परिच्छेद त्याला वाचून दाखवा, एवढेच म्हणतो.

तर सांग-हो. ऑलिंपिकच्या पदकानंतर सगळे सुरळीत झाले असे नाही. मध्ये खांद्याची शस्त्रक्रिया झाली. डिसेंबर २०२१ मध्ये रशियातल्या बान्नोये येथे त्याने विश्वचषकाची शर्यत जिंकली. कोरियन स्नोबोर्डपटूने अशी शर्यत जिंकण्याची ती पहिलीच वेळ होती. त्या हंगामात समांतर शर्यतींच्या एकूण गुणांतही तो जगात पहिला राहिला. म्हणजे २०२२ च्या बीजिंग ऑलिंपिकला तो गेला तो पदकाचा मोठा दावेदार म्हणून, आणि चाचणीत पहिला आलाही.

उपांत्यपूर्व सामन्यात समोर विक वाइल्ड, जन्माने अमेरिकन, खेळायचा रशियाकडून. दोघे खाली आले. पुन्हा घड्याळ, पुन्हा एक शतांश सेकंद. या खेपेला तो वाइल्डच्या पारड्यात पडला. चार वर्षांपूर्वी ज्या वीतभर अंतराने पदक दिले, त्याच वीतभर अंतराने ते काढून घेतले. चार वर्षे मशागत करावी आणि काढणीच्या दिवशी गारा पडाव्यात, तसे झाले. विमा नाही, पंचनामा नाही. पुन्हा चार वर्षे थांबायचे.

तो थांबला. जानेवारी २०२४ मध्ये बल्गेरियातल्या पाम्पोरोवोच्या उतारावर त्याने विश्वचषकाची शर्यत जिंकली. बल्गेरियाचा हा रोडोपी डोंगराचा भागही शेतकऱ्यांचाच. बटाटा आणि घेवडा ही तिथली नावाजलेली पिके. त्या देशातही या खेळाचे चांगले खेळाडू आहेत, त्यांतल्या एकाचे नाव पुढे येईलच. ३१ जानेवारी २०२६ ला स्लोव्हेनियातल्या रोग्लाला सांग-हो पुन्हा पहिला आला. ऑलिंपिकला आठवडा उरला होता. साबुकच्या लोकांनी मनात काय मांडे खाल्ले असतील ते सांगायला नको.

८ फेब्रुवारी २०२६, इटलीतले लिविन्यो. बाद फेरीच्या पहिल्याच सामन्यात ऑस्ट्रियाच्या आंद्रेआस प्रोमेगरने त्याला ०.१७ सेकंदाने हरवले. संपले.

पण त्या दिवशी कोरियाला पदक मिळाले. ते आणले सांग-होच्या जोडीदाराने, किम सांग-ग्योमने. हाही गांगवॉन प्रांताचाच, वय सदतीस, चौथे ऑलिंपिक, तोवर एकही पदक नाही. शिक्षण संपल्यावर खेळाचा खर्च भागवण्यासाठी हा माणूस बांधकामावर रोजंदारीने जात असे. सहा वर्षांनी लहान असलेल्या सांग-होचे नाव सगळीकडे गाजत असताना याच्याकडे फारसे कोणी पाहिले नव्हते. उपांत्य सामन्यात त्याने बल्गेरियाच्या तेर्वेल झाम्फिरोवला हरवले आणि अंतिम सामन्यात ऑस्ट्रियाच्या बेंजामिन कार्लकडून ०.१९ सेकंदाने हरून रौप्यपदक घेतले. उन्हाळी आणि हिवाळी मिळून कोरियाचे ते चारशेवे ऑलिंपिक पदक. तरुण झाम्फिरोवने कांस्य मिळवले.

तिकडच्या कोबीचे वर्तमान तितकेसे बरे नाही. उन्हाळे तापू लागलेत, डोंगरावरचा गारवा कमी होतोय आणि उंचावरच्या कोबीचे क्षेत्र आकसत चालले आहे. २०२४ च्या सप्टेंबरात कोबीचे भाव इतके भडकले की किमचीच्या देशाला चीनमधून कोबी मागवावा लागला. चिनी कोबी आपल्याकडे लावावा का, असे कोणाच्या मनात आले असेल तर घाई करू नका. रब्बीच्या थंडीत पाच-दहा ओळी लावून पाहा आणि आधी गिऱ्हाईक शोधा. आपल्याकडे त्याचा खप शहरातल्या हॉटेलांपुरताच आहे. रोपवाटिकेची माहिती हवी असणाऱ्यांनी जोडकार्ड टाकावे, जमेल तसे उत्तर देईन.

सप्टेंबर २०२६ ला सांग-होच्या वयाची एकतीस वर्षे पूर्ण. शेतात राबणाऱ्याला एकतीस म्हणजे ऐन उमेदीचे वय. खेळात मात्र लोक लगेच म्हातारा म्हणू लागतात. लिविन्योला सुवर्णपदक घेणारा कार्ल चाळीस वर्षांचा होता. आणि सांग-होला पहिल्याच सामन्यात बाहेर काढणारा तो प्रोमेगर पंचेचाळीस वर्षांचा.