चिरलेली नळी

गेल्या वर्षीं याच सदरांत आम्हीं असें लिहिलें होतें कीं, तांब्याच्या नळीस उभी चीर पाडली म्हणजे तिच्यांतून सोडलेला लोहचुंबक मोकळ्या हवेंत पडावा तसा झटकन् खालीं येतो. हें विधान चुकीचें होतें. चूक एखाद्या प्राध्यापकांनीं कळविली असती तर चार ओळींची दुरुस्ती छापून आम्ही मोकळे झालों असतों. परंतु ती दाखविली आमच्या स्नेह्यांच्या घरच्या एका बारा वर्षांच्या मुलीनें, आणि तीहि सर्व वडीलधाऱ्या मंडळींसमक्ष. तेव्हां हकीकत सविस्तर सांगणें आम्हांस प्राप्त आहे.

दिवाळीच्या सुटींत त्या घरीं लहानमोठीं अकरा मुलें जमलीं होतीं. माजघरांत बैठक घालून आम्हीं साहित्य मांडलें: एक मीटर लांबीची तांब्याची जाड नळी, तशीच दुसरी एका बाजूनें वरपासून खालपर्यंत चिरलेली, आणि नळींतून सैल जाईल असा निओडिमियमचा वाटोळा चुंबक. हे चुंबक १९८० नंतरच्या दशकांत प्रचारांत आले. ते विलक्षण जोरकस असतात. अगदीं लहान मुलांच्या हातीं ते देऊं नयेत. असे दोन चुंबक पोटांत गेले तर आंतड्यास भोंक पडून जिवावर बेततें.

प्रथम चुंबकाच्याच मापाची लोखंडी कांब सोडली. एक मीटर खालीं येण्यास तिला अर्धा सेकंदहि लागत नाहीं. मग चुंबक सोडला. धाकटा नळीखालीं ओंजळ धरून बसला होता. एक, दोन, तीन, चार मोजून झाले तरी कांहीं पडेना. पांचाव्या अंकाच्या सुमारास चुंबक अलगद त्याच्या ओंजळींत उतरला.

"आंत कोठें तरी अडकत असेल," आत्याबाई म्हणाल्या. संशय रास्त होता. आम्हीं चुंबक दोऱ्यास टांगून नळीच्या बाहेरून जवळ नेला. तांब्यानें त्यास मुळींच ओढून घेतलें नाहीं.

कारण असें आहे. चुंबक उतरत असतां नळीच्या ज्या भागाकडे तो येत असतो तेथील चुंबकक्षेत्र वाढतें, व जो भाग तो मागें टाकतो तेथील कमी होतें. क्षेत्र बदललें कीं धातूंत विद्युत्प्रवाह उत्पन्न होतो, हें मायकेल फॅरडे यांनीं १८३१ सालीं लंडन येथें प्रयोगानें सिद्ध केलें. या प्रवाहास निराळी तार लागत नाहीं. पाण्यांतील भोंवऱ्याप्रमाणें तो धातूच्या अंगांतच फिरतो, म्हणून त्यास आवर्तप्रवाह म्हणतात. लेंझ यांनीं १८३४ सालीं सांगितलेल्या नियमाप्रमाणें, ज्या बदलापासून हा प्रवाह जन्मतो त्यासच तो विरोध करतो. खालचा प्रवाह येणाऱ्या चुंबकास वर लोटतो, वरचा प्रवाह जाणाऱ्या चुंबकास मागें खेंचतो.

"मग तो मध्येंच थांबत कां नाहीं?" एकानें विचारलें. थांबला तर क्षेत्र बदलणार नाहीं, प्रवाह नाहींसा होईल, आणि धरणाराच गेल्यावर चुंबक पुन्हां सुटेल! वजन आणि विरोध यांचा मेळ बसेल अशा एका संथ गतीनेंच तो उतरत राहतो. आजोबांना यावरून ओसरीवरच्या जुन्या विजेच्या मापकाची आठवण झाली. त्यांतील ॲल्युमिनियमची चकती बेफाम फिरूं नये म्हणून तिच्यावर असाच चुंबकाचा लगाम ठेवलेला असे.

आतां चिरलेली नळी. "प्रवाहाची वाट तुटली," आम्ही ठासून म्हणालों, "चुंबक कांबेसारखाच पडणार." चुंबक भरकन् खालीं आला. "पाहिलेंत?"

"नाहीं, काका," ती मुलगी हळूच म्हणाली. तिच्या हातांत दादाचें घड्याळ होतें. "कांबेपेक्षां पुष्कळ उशीर लागला."

"अगं, मोठ्यांना असें खोटें पाडूं नये," तिच्या काकूंनीं दटावलें. मुलीनें घड्याळ खालीं ठेवलें. आम्ही गप्प बसलों असतों तर विषय तेथेंच संपला असता, आणि खरें सांगावयाचें तर क्षणभर आम्ही गप्प बसलोंहि. आजोबाच म्हणाले, "तिला पुन्हां मोजूं द्या."

दहा वेळां मोजलें. दर वेळीं दोन सेकंदांच्या आसपास. इतकीं वर्षें हा प्रयोग करूनहि चिरलेल्या नळीच्या वेळीं आम्हीं घड्याळाकडे कधीं पाहिलेंच नव्हतें; उत्तर ठाऊक आहे अशा समजुतीनें मोजण्याची तसदी कोण घेतो?

कारण त्या वेळीं आम्हांस सांगतां आलें नाहीं. रात्रीं कागदावर आकृति काढली तेव्हां उलगडा झाला. चुंबकाखालचा प्रवाह व वरचा प्रवाह हे परस्परविरुद्ध दिशांनीं फिरतात. चिरेपाशीं वाट तुटली कीं खालचा प्रवाह चिरेच्या कडेनें वर चढतो व वरच्या प्रवाहास मिळून उलट परततो. फेरा पुरा होतोच. वाट मात्र लांबते आणि प्रवाह क्षीण होतो. एक चीर त्यास अशक्त करते, मारीत नाहीं. बॅबेज व हर्शेल यांनीं १८२५ सालींच, फॅरडेंच्याहि आधीं, तांब्याच्या फिरत्या चकतीस चिरा पाडून चुंबकावरील तिचा परिणाम घटतो, व चिरा धातूनें सांधल्या कीं तो बहुतांशीं परत येतो, असें पाहिलें होतें. "घटतो" हा शब्द आम्हीं पूर्वीं वाचलेला होता. लिहितांना मात्र "नाहींसा होतो" असें लिहून गेलों. रोहित्राचा गाभा एकसंध न करतां वार्निश दिलेल्या पातळ पत्र्यांचा रचतात, तो याच कारणास्तव: एका चिरेनें भागत नाहीं.

दुसऱ्या दिवशीं चहाच्या वेळीं आम्हीं ती आकृति सर्वांपुढें मुलीस दाखविली, व चूक आमची होती हें काकूंना मुद्दाम ऐकूं जाईल असें सांगितलें. काकू हंसल्या व म्हणाल्या, "आतां ही घरांत कोणाचें ऐकेल असें वाटत नाहीं." मुलीचें लक्ष आकृतीकडे होतें. चार चिरा पाडल्या तर वेळ किती उरेल, हें तिला हवें होतें. चार चिरा पाडल्यावर नळी नळी कशी राहील, असें धाकट्यानें विचारलें. दोन्हीं टोकांस दोन-दोन बोटें न चिरतां ठेवावयाचें ठरवून आम्हीं नळी कारखान्यांत दिली आहे. मोजणी तीच करणार आहे.