मेरिटची नदी पंपावर चालते



"नोकरीत आरक्षण असू दे, पण खेळात तरी मेरिटच चालतं ना?" हा प्रश्न आपल्यापैकी प्रत्येकाने ऐकला आहे. ऑलिंपिक आले की विचारणाऱ्यांना जास्तच जोर चढतो. आज हा प्रश्न जेसिका फॉक्सच्या होडीत बसवून बघू.

जेसिका ऑस्ट्रेलियाची. खेळ कॅनो स्लॅलम. खळाळत्या पाण्यावर खांब टांगलेले असतात, त्यांच्या फाटकांतून होडी न्यायची. हिरव्या फाटकातून धारेबरोबर, लाल फाटकातून धारेविरुद्ध. खांबाला नुसता स्पर्श झाला तरी २ सेकंदांचा दंड, फाटक चुकले तर ५०. लंडनला २०१२ मध्ये रौप्य, रिओला कांस्य, टोकियोला एक सुवर्ण आणि एक कांस्य, आणि २०२४ मध्ये पॅरिसला चार दिवसांत दोन सुवर्ण. तिच्या कष्टांवर शंका घ्यायचे कारणच नाही.

पण तिचे घर बघा. वडील रिचर्ड फॉक्स याच खेळात वैयक्तिक गटात पाच वेळा विश्वविजेते. आई मिरियम १९९६ च्या अटलांटा ऑलिंपिकमधली कांस्यपदक विजेती, आणि तीच जेसिकाची प्रशिक्षक. धाकट्या बहिणीनेही पॅरिसला सुवर्ण मिळवले. आणि पेनरिथला जिथे ती घडली, ती नदीच नाही! सिडनी ऑलिंपिकसाठी बांधलेला तो कालवा आहे. पंप पाणी वर चढवतात, ते उसळत खाली येते, पुन्हा वर जाते. घराणे तयार, प्रशिक्षक घरात, आणि बटण दाबले की धार सुरू. याला मेरिट म्हणा, माझी हरकत नाही. फक्त ते कशाकशाचे बनते तेही सांगा.

मी डहाणू-तलासरी पट्ट्यात काम करते. पॅरिसची तिची फेरी काही मुलांना मोबाईलवर दाखवली. कासा भागातला, सूर्या नदीत मासे धरत वाढलेला एक मुलगा लगेच म्हणाला, "ताई, ती दगडाच्या मागे जाते ना, तिथं पाणी उलटं फिरतं." स्लॅलमचा हा पहिला धडा. त्याला तो कुणी शिकवला नव्हता.

आपल्याकडे पाण्यातला ऑलिंपियन झालाच नाही असे नाही. चांदवड तालुक्यातल्या तळेगाव रोहीचा दत्तू भोकनळ वडिलांबरोबर विहिरी खोदायचा. २०१२ मध्ये लष्करात गेला, आणि होडी तिथे हातात आली. त्याचा खेळ रोइंग, संथ पाण्यावरचा. चार वर्षांत तो रिओला १३ वा आला, २०१८ च्या आशियाई स्पर्धेत चौघांच्या संघात सुवर्ण जिंकला. दुष्काळी गावचा पोरगा पोहोचला, कारण लष्कराने त्याला होडी आणि प्रशिक्षक दिला. पण लोक त्याचे नाव घेतात ते आपल्या पोरांना टोचायला : तो पोहोचला, तुम्हाला काय झालं?

आपलेच काही कार्यकर्ते म्हणतात, आधी प्यायला पाणी, मग होड्या. राग येतो, पण मुद्दा खोटा नाही. सूर्या प्रकल्प आदिवासी शेतीच्या सिंचनाचे नाव घेऊन झाला. आज त्याच पाण्यातले रोज ४०३ दशलक्ष लिटर वसई-विरार आणि मीरा-भाईंदरसाठी ठरवले आहे. तरीही विचारते, २० मार्च १९२७ ला बाबासाहेब महाडला फक्त तहान भागवायला गेले होते का? पाण्यावर माणूस म्हणून हक्क सांगायला गेले होते. त्या हक्कात पिणे आले, शेती आली, आणि पोरांचे खेळणेही आले.

एक खबरदारी मात्र घेऊ. वारली, कोकणा, कातकरी बांधवांच्या वतीने आपण बौद्धांनी मागण्या ठरवायच्या नाहीत. दोन्ही तालुके पेसात आहेत, ठराव ग्रामसभेचाच हवा. आपण सोबत बसू, अर्ज लिहून देऊ, आदिवासी उपयोजनेच्या निधीतून लाइफ जॅकेट, हेल्मेट, चार होड्या आणि एक प्रशिक्षक मागायला मदत करू. पंप मागायची गरज नाही, पावसाळ्यात धार फुकट आहे.

तो मुलगा यंदा बारावीला आहे. पोलीस भरतीसाठी रोज पहाटे हायवेच्या कडेने धावतो.