बंदी न घालता सिनेमा कसा दाबला जातो? फर्नांदो फर्नान गोमेझ यांच्या ५० वर्षं रखडलेल्या सिनेमाची गोष्ट

स्पेनमध्ये १९६३ साली एक सिनेमा तयार झाला. नाव 'एल मुंदो सीगे', म्हणजे 'जग चालतच राहतं'. १९६५ मध्ये तो बिल्बाओ शहरातल्या एका थिएटरमध्ये झळकला आणि गायब झाला. पुन्हा रीतसर प्रदर्शित झाला तो थेट २०१५ मध्ये. तोवर त्याच्या दिग्दर्शकाच्या मृत्यूला जवळपास आठ वर्षं झाली होती.

विशेष म्हणजे या सिनेमावर बंदी नव्हती. सेन्सॉरने तो मंजूर केला होता. मग तो लोकांपर्यंत पोहोचला का नाही?

फर्नान गोमेझ कोण होते?

लेखक, अभिनेता आणि दिग्दर्शक अशा तिन्ही भूमिका निभावणारे फर्नांदो फर्नान गोमेझ यांचा जन्म १९२१ चा, पेरूची राजधानी लिमामधला. त्यांची आई नाटकात काम करायची आणि तेव्हा दौऱ्यावर होती. पुढे माद्रिदमध्ये वाढलेले फर्नान गोमेझ १९४० च्या दशकात सिनेमात आले आणि विनोदी भूमिकांमुळे घराघरात पोहोचले.

आपल्याकडे त्यांचं नाव फारसं कुणाला माहीत नाही. पण ऑस्कर मिळवणाऱ्या 'बेल एपोक'मधला म्हातारा चित्रकार आठवत असेल, तर ते हेच.

सिनेमात असं काय होतं?

माद्रिदमधल्या एका गरीब घरातल्या दोन बहिणींची ही गोष्ट. एक लग्न करून हलाखीत अडकते, तर दुसरी श्रीमंत पुरुषांच्या आधाराने वर चढते. पहिलीचा नवरा फुटबॉलच्या सट्ट्यापायी संसार धुळीला मिळवतो. ही भूमिका फर्नान गोमेझ यांनी स्वतः केली होती.

तो हुकूमशहा फ्रँकोचा काळ होता. सुखी कॅथलिक कुटुंब हा सरकारी प्रचाराचा आवडता विषय. या सिनेमातल्या घरात मात्र मारहाण, पैशाची हाव आणि एकमेकींबद्दलचा द्वेष होता.

मग तो दाबला कसा गेला?

त्या काळी शूटिंगआधी पटकथा आणि नंतर तयार सिनेमा, दोन्ही सरकारकडून मंजूर करून घ्यावे लागत. त्याशिवाय प्रत्येक सिनेमाला श्रेणी मिळायची आणि सरकारी मदत त्यावर ठरायची. खालची श्रेणी मिळाली की निर्मात्याचे पैसे अडकायचे आणि वितरकही हात आखडता घ्यायचे.

'एल मुंदो सीगे'च्या वाट्याला हेच आलं. बंदी घातली असती तर निदान चर्चा झाली असती. इथे कागदोपत्री सगळं नियमाप्रमाणे होतं, त्यामुळे निषेध तरी कशाचा करणार?

त्यांनी १९६४ मध्ये केलेला 'एल एक्स्त्रान्यो वियाहे' म्हणजेच 'विचित्र प्रवास' हा सिनेमाही १९६९ पर्यंत रखडला. आज स्पॅनिश सिनेमाच्या उत्कृष्ट कलाकृतींमध्ये त्याची गणना होते.

पुढे काय झालं?

फर्नान गोमेझ थांबले नाहीत. इतरांच्या सिनेमांत अभिनय करून ते पोट भरत राहिले. त्यांच्या नावावर सुमारे २०० सिनेमे आहेत.

१९७५ मध्ये फ्रँकोचा मृत्यू झाला आणि १९७७ मध्ये सिनेमाची सेन्सॉरशिप संपली. त्यानंतर मात्र चित्र पालटलं. १९८७ मध्ये पहिल्यावहिल्या गोया पुरस्कारांत फिरत्या नाटकवाल्यांवरच्या त्यांच्या सिनेमाने सर्वोत्कृष्ट चित्रपट, दिग्दर्शन आणि पटकथा हे तिन्ही पुरस्कार पटकावले. अभिनयाचा पुरस्कारही त्यांनाच मिळाला, तोही वेगळ्या सिनेमासाठी. २००५ मध्ये बर्लिन महोत्सवाने त्यांना मानद सुवर्ण अस्वल दिलं. २००७ मध्ये त्यांचं निधन झालं.

आज हे का महत्त्वाचं?

सेन्सॉरशिप म्हटलं की आपल्याला कात्री आणि बंदीचा हुकूम आठवतो. पण सिनेमा अडवायला तेवढंही लागत नाही. परवानगी देऊन पैसा आणि पडदा रोखला की काम होतं. म्हणूनच एखादा सिनेमा 'मंजूर झाला' अशी बातमी आली, की पुढचा प्रश्न विचारायला हवा: तो दिसणार कुठे?