कॅन्सरची गोळी महाग नसते, महाग केली जाते

रक्ताच्या एका कॅन्सरवर इमॅटिनिब नावाची गोळी आहे. क्रॉनिक मायलॉइड ल्युकेमियाचा, म्हणजे सीएमएलचा रुग्ण ही गोळी रोज घेतो आणि वर्षानुवर्षे कामधंदा करत जगतो. वीस वर्षांपूर्वी भारतात हीच गोळी दोन भावांनी विकली जात होती. नोव्हार्टिस या स्विस कंपनीची 'ग्लिव्हेक' महिन्याला सुमारे १,२०,००० रुपयांना, आणि भारतीय कंपन्यांची तीच गोळी महिन्याला ८,००० ते १०,००० रुपयांना. आजार तोच, औषध तेच, भाव मात्र बारा पट. हा फरक कारखान्यात तयार झालेला नव्हता. तो पेटंटच्या कागदावर तयार झाला होता.

आपल्या वस्त्यांत कोणाला कॅन्सर निघाला की पुढचे सगळे ठरलेले असते. आधी दागिने जातात, मग जमिनीचा तुकडा, मग व्याजाने पैसे, आणि शेवटी व्हॉट्सॲपवर मदतीचे आवाहन, खाली क्यूआर कोड. चळवळीतले कार्यकर्ते धावपळ करतात, रक्त देतात, आमदाराचे पत्र आणतात, परळच्या फुटपाथवर रुग्णाच्या नातेवाइकांसोबत रात्र काढतात. हे करायलाच हवे. पण औषधाचा भाव एवढा का, तो कोणी ठरवला, कोणत्या कायद्याने ठरवला, हा प्रश्न आपण विचारत नाही. भावाला आपण नशीब समजतो. आमचे म्हणणे स्पष्ट आहे : पेटंट कायदा हा शिष्यवृत्ती आणि ॲट्रॉसिटी कायद्याइतकाच आंबेडकरी चळवळीचा विषय आहे, आणि तो आपण तज्ज्ञांवर सोडून दिला आहे.

समतेचे कलम कोणाच्या हातात?

१९७० च्या भारतीय पेटंट कायद्याने औषधावर पेटंट देणे बंद केले. पेटंट मिळायचे ते फक्त औषध बनवण्याच्या पद्धतीला. म्हणजे तेच औषध दुसऱ्या पद्धतीने बनवायला इतर कंपन्या मोकळ्या होत्या. भारतात स्वस्त औषधांचा उद्योग उभा राहिला तो यामुळे. जागतिक व्यापार संघटनेच्या करारामुळे २००५ मध्ये कायदा बदलावा लागला आणि औषधावर पुन्हा पेटंट आले. पण त्याच दुरुस्तीत संसदेने कलम ३(डी) घातले. त्याचा अर्थ साधा आहे : जुन्याच औषधाचे नवे रूप आणले, पण त्याने गुण जास्त येतो हे सिद्ध झाले नाही, तर नवे पेटंट मिळणार नाही. जुनी दारू नव्या बाटलीत भरून आणखी वीस वर्षांची मक्तेदारी मागायची सोय या कलमाने बंद केली.

नोव्हार्टिसने इमॅटिनिब मेसिलेटच्या एका स्फटिकरूपासाठी चेन्नईत अर्ज केला होता. मुंबईच्या कॅन्सर पेशंट्स एड असोसिएशनने आणि काही भारतीय औषध कंपन्यांनी त्याला हरकत घेतली. जानेवारी २००६ मध्ये अर्ज फेटाळला गेला. मग कंपनी मद्रास उच्च न्यायालयात गेली आणि कलम ३(डी) घटनाबाह्य आहे असे म्हणाली. कोणत्या आधारावर? अनुच्छेद १४ च्या! कायद्यासमोर समानता देणारा जो अनुच्छेद, त्याचाच आधार घेऊन एक बहुराष्ट्रीय कंपनी गरिबाची गोळी बारा पट महाग ठेवण्याचा हक्क मागत होती. कलम मोघम आहे, अधिकाऱ्याला मनमानीची मुभा देते, असा तिचा युक्तिवाद होता. ऑगस्ट २००७ मध्ये उच्च न्यायालयाने तो फेटाळला. पुढे १ एप्रिल २०१३ रोजी न्या. आफताब आलम आणि न्या. रंजना देसाई यांच्या खंडपीठाने पेटंटची मागणीही कायमची फेटाळली.

यातून आपण काय घ्यायचे? संविधानाचा आधार कंपन्याही घेतात, आणि त्यासाठी त्यांच्याकडे देशातले सर्वांत महागडे वकील असतात. या लढाईत आपली संघटना कुठे होती? रुग्णांची एक संस्था आणि काही वकील लढले म्हणून आज ही गोळी सामान्य माणसाच्या आवाक्यात आली. आपण संविधानाचा जयघोष करत राहिलो आणि संविधानाची खरी परीक्षा चालू होती तिथे फिरकलोही नाही.

आम्हाला दान नको

त्या काळात कंपनीचे एक उत्तर नेहमीचे असे : आम्ही बहुसंख्य रुग्णांना गोळी मोफत देतो, मग तक्रार कशाची? ज्यांना ती गोळी मिळाली त्यांच्या जिवाचे मोल आम्ही कमी लेखत नाही. पण दान देणाऱ्याच्या मर्जीवर जगणे म्हणजे काय, हे आपल्या समाजाला कोणी शिकवायची गरज नाही. दान कोणाला द्यायचे ते दाता ठरवतो आणि ते कधी बंद करायचे तेही दाताच ठरवतो. १९२७ मध्ये आपली माणसे महाडला गेली ती कोणी ओंजळीत वरून पाणी ओतावे म्हणून नव्हे. तळे सर्वांचे आहे हे सिद्ध करायला गेली. औषधाचेही तसेच आहे. मोफत वाटपाच्या आड भाव चढा ठेवणे म्हणजे तळ्याला कुंपण घालून दाराशी रांजण ठेवणे आहे.

हत्यार आहे, चालवणारा हात नाही

मार्च २०१२ मध्ये मुंबईत एक आदेश निघाला. बायर कंपनीचे 'नेक्सावार', म्हणजे सोराफेनिब हे औषध, यकृत आणि मूत्रपिंडाच्या पुढच्या टप्प्यातल्या कॅन्सरवर दिले जाते. कंपनीचा भाव महिन्याला सुमारे २,८०,००० रुपये. पेटंट नियंत्रक पी. एच. कुरियन यांनी कलम ८४ खाली हैदराबादच्या नाटको कंपनीला सक्तीचा परवाना दिला. नाटकोने तेच औषध ८,८८० रुपयांना विकायचे आणि बायरला ६ टक्के रॉयल्टी द्यायची. ती पुढे ७ टक्के झाली. म्हणजे कंपनीचे पेटंट कोणी हिसकावले नाही, तिला मोबदलाही मिळाला. फक्त मक्तेदारी मोडली. २०१४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने हा निर्णय कायम ठेवला. मधल्या काळात बायरचे प्रमुख मारिन डेकर्स बोलून गेले की हे औषध आम्ही भारतीयांसाठी बनवलेच नव्हते, ज्यांना परवडते त्या पाश्चात्त्य रुग्णांसाठी बनवले होते. मनातले ओठांवर आले.

पण खरा प्रश्न पुढचा आहे. कायदा तोच आहे, कलम ८४ तेच आहे. जनहितासाठी सरकारने स्वतः पुढाकार घ्यायची कलम ९२ आणि कलम १०० ही तरतूदही तशीच आहे. तरीही नेक्सावारनंतर एकाही औषधावर सक्तीचा परवाना निघालेला नाही. ल्युकेमियावरच्याच डासाटिनिबसाठी एका भारतीय कंपनीने केलेला अर्ज २०१३ मध्ये फेटाळला गेला. अमेरिकेचे व्यापार खाते दरवर्षी आपल्या अहवालात भारताला नजर ठेवण्याच्या यादीत टाकते आणि आपल्या पेटंट कायद्यावर बोट ठेवते. दिल्लीतले सरकार कोणत्याही पक्षाचे असो, त्या बोटाला ते घाबरते. रुग्णाला घाबरत नाही, कारण रुग्ण संघटित नाही.

'संशोधनाला पैसा लागतो ना?'

हा प्रश्न आपल्यातले शिकलेले तरुणही विचारतात. प्रश्न रास्त आहे, म्हणून उत्तर देतो. इमॅटिनिबचेच पाहा. सीएमएलमध्ये एक गुणसूत्र विकृत असते हे १९६० मध्ये फिलाडेल्फियातल्या संशोधकांनी दाखवले. दोन गुणसूत्रांच्या तुकड्यांची अदलाबदल होऊन ते तयार होते हे १९७३ मध्ये शिकागो विद्यापीठाच्या जॅनेट राउली यांनी सिद्ध केले. हे काम विद्यापीठांतले आणि सार्वजनिक संस्थांतले. औषधाचा रेणू कंपनीच्या रसायनशास्त्रज्ञांनी घडवला, ते श्रेय नाकारायचे कारण नाही. पण या आजाराचे रुग्ण थोडे, धंदा किती होणार, म्हणून कंपनी रेंगाळत होती. ओरेगॉनचे डॉक्टर ब्रायन ड्रुकर यांनी पिच्छा पुरवला आणि औषध पुरेसे बनवावे म्हणून रुग्णांनी सह्यांची मोहीम काढली. २००१ मध्ये अमेरिकेत मान्यता मिळाली. भाव वर्षाला ३०,००० डॉलरच्या आत होता. २०१२ पर्यंत तो ९०,००० डॉलरच्या पुढे गेला. संशोधन तर आधीच झाले होते, मग भाव तिप्पट कशाचा? २०१३ मध्ये जगभरातल्या शंभरावर सीएमएल तज्ज्ञांनी एकत्र लेख लिहून या भावांचा निषेध केला. संशोधनाचा खर्च वसूल होणे वेगळे आणि सापडलेल्या रुग्णाला पिळणे वेगळे.

दुसरी गोष्ट त्याहून महत्त्वाची. संशोधन कशावर होते हेही पैसाच ठरवतो. तंबाखूमुळे होणारे तोंडाचे आणि घशाचे कॅन्सर हा कष्टकऱ्यांचा रोग. त्यावर निव्होलुमॅब हे इम्युनोथेरपीचे औषध चालते, पण पूर्ण मात्रेचा खर्च मजुराच्या कल्पनेबाहेरचा. मुंबईच्या टाटा मेमोरियलच्या डॉक्टरांनी केमोच्या स्वस्त गोळ्यांसोबत त्याची फक्त २० मिलिग्रॅम मात्रा तीन आठवड्यांतून एकदा देऊन पाहिली. नेहमीची मात्रा दोन आठवड्यांना २४० मिलिग्रॅम असते. २०२२ मध्ये निष्कर्ष प्रसिद्ध झाले : फक्त गोळ्या घेणाऱ्यांपैकी वर्षाअखेर १६.३ टक्के रुग्ण जिवंत होते, सोबत ही छोटी मात्रा घेणाऱ्यांपैकी ४३.४ टक्के. ही तुलना पूर्ण मात्रेशी नव्हती. पण ज्याला पूर्ण मात्रा आयुष्यात मिळणार नाही, त्याच्यासाठी हा फरक जगण्या-मरण्याचा आहे. आपले औषध कमी वापरून भागते का, याचा शोध कोणती कंपनी लावील? तो सार्वजनिक रुग्णालयच लावते.

'योजना आहे की!'

महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजना आहे, आयुष्मान भारत आहे. त्यातून केमो होते, माणसे वाचतात. योजना टिकल्याच पाहिजेत. पण कुटुंबाला वर्षाला ५ लाखांची मर्यादा आणि महिन्याला लाखाचे औषध, हे गणित कोणत्या शाळेत सुटते? भाव तसाच ठेवून विमा वाढवला तर जनतेचा पैसा जनतेच्या नावाने मक्तेदाराच्या खिशात जातो, एवढेच.

भाव उतरू शकतो याचे पुरावे समोर आहेत. २०१९ मध्ये सरकारने कॅन्सरच्या ४२ औषधांवर व्यापाऱ्यांचा नफा ३० टक्क्यांवर बांधला, तेव्हा काही ब्रँडची छापील किंमत ९० टक्क्यांपर्यंत खाली आली. म्हणजे तोवर रुग्ण काय भरत होता? नॅशनल कॅन्सर ग्रिडने २३ रुग्णालयांसाठी ४० औषधांची एकत्र खरेदी केली तेव्हा सुमारे १,३२० कोटी रुपये वाचले. आणि आयआयटी मुंबई आणि टाटा मेमोरियल यांच्या संशोधनातून उभी राहिलेली कार-टी उपचारपद्धती २०२३ मध्ये मंजूर झाली. अमेरिकेत अशाच उपचाराला कोट्यवधी रुपये लागतात, इथे काही दशलक्षांत होतो. अभिमान आहे. पण ज्या कामाचा पाया सार्वजनिक संस्थांत घातला गेला, त्याचा भाव ठरवताना जनतेला विचारले का? बाबासाहेबांनी 'स्टेट्स अँड मायनॉरिटीज'मध्ये मूलभूत उद्योग आणि विमा राज्याच्या मालकीचे असावेत अशी घटनात्मक तरतूद मागितली होती. जीव वाचवणारे औषध याहून मूलभूत काय असते?

आता काय करायचे?

कलम २५ खाली, पेटंट मंजूर होण्याआधी कोणतीही व्यक्ती हरकत घेऊ शकते. कोणतीही व्यक्ती! पदवी लागत नाही, कंपनी लागत नाही. हाच दरवाजा आता अरुंद केला जात आहे. मार्च २०२४ च्या पेटंट नियमांनी हरकतीवर शुल्क बसवले आणि ती ऐकायची की नाही हे आधी ठरवायचा अधिकार नियंत्रकाला दिला. पेटंटधारकाने औषध देशात किती पुरवले याचा हिशेब दरवर्षी द्यायचा होता, तो आता तीन वर्षांतून एकदा. नेक्सावारचा खटला अशाच पुरवठ्याच्या आकड्यांवर उभा होता, हे लक्षात घ्या.

म्हणून आमच्या मागण्या तीन. हरकतीवरचे शुल्क आणि अडथळे रद्द करा. पेटंटमधल्या महागड्या कॅन्सर औषधांसाठी केंद्राने कलम ९२ आणि १०० वापरावे, आणि महाराष्ट्र विधानसभेने तसा ठराव करावा. सरकारी पैशातून झालेल्या संशोधनाचे हक्क देताना भावाची अट लेखी घालावी.

आणि आपल्या तरुणांना एक काम. आपल्यात आज वकील आहेत, फार्मसी आणि रसायनशास्त्र शिकलेली मुले-मुली आहेत, माहिती अधिकार कोळून प्यालेले कार्यकर्ते आहेत. प्रत्येक जिल्ह्यात पाच जणांचा गट करा. जिल्हा रुग्णालयात कॅन्सरची कोणती औषधे लिहून दिली जातात, त्यांतली कोणती योजनेत बसत नाहीत, त्यांचे पेटंट कोणाकडे आहे, याची यादी काढा. ती यादी आमदाराच्या टेबलावर ठेवा आणि पुढच्या १४ एप्रिलच्या वर्गणीतला एक हिस्सा पहिल्या हरकतीच्या शुल्कासाठी बाजूला काढा.

जय भीम.