किल्ली हातात देण्याआधी

दहावीचा निकाल लागतो, अकरावीचे कॉलेज सुरू होते आणि घरोघरी एकच विषय निघतो. क्लास सकाळी साडेसहाला, कॉलेज गावाच्या दुसऱ्या टोकाला आणि बसचा काही भरवसा नाही. ‘‘सगळ्यांकडे गाडी आहे, मीच एकटा बसला लोंबकळत जातो,’’ अशी चिरंजीवांची तक्रार असते. आई म्हणते, ‘‘अजून वय झालेले नाही.’’ बाबा म्हणतात, ‘‘मी तर चौदाव्या वर्षी चालवत होतो.’’ आजी देवापुढे हात जोडते. अखेर एके दिवशी ‘‘कोपऱ्यावरून दूध तेवढे घेऊन ये’’ म्हणून किल्ली हातात दिली जाते. त्यानंतर ती खुंटीवर फारशी दिसत नाही!

या वादात कायदा काय म्हणतो, हे मात्र सहसा कोणी पाहत नाही. १९८८च्या मोटार वाहन कायद्यानुसार अठरा वर्षे पूर्ण झाल्याशिवाय सार्वजनिक रस्त्यावर मोटार वाहन चालवता येत नाही. याला एक अपवाद आहे. सोळा वर्षे पूर्ण झालेल्या मुलाला किंवा मुलीला ५० सीसीपर्यंतची दुचाकी चालवता येते. अर्थात लायसन्स काढून, आणि तेही पालकांच्या लेखी संमतीनेच. हा कायदा झाला तेव्हा पुण्यापासून नागपूरपर्यंत गल्लोगल्ली लुना धावत होत्या. कॉलेजात जाणाऱ्या मुलामुलींना ही सवलत खरोखरच उपयोगी पडत असे.

आज दुकानात दिसणाऱ्या पेट्रोलच्या स्कूटर बहुतेक ११० ते १२५ सीसीच्या असतात. गिअर नाही म्हणजे मुलांना चालते, हा समज सर्वत्र आहे आणि तो चुकीचा आहे. कायदा गिअर पाहत नाही, इंजिन पाहतो. सोळा वर्षांच्या मुलाकडे ५० सीसीचे लायसन्स असले तरी आईची स्कूटर त्याच्यासाठी बेकायदाच ठरते.

१ सप्टेंबर २०१९पासून तर ही बाब मुलापुरती राहिलेली नाही. अल्पवयीन मुलाने गाडी चालवून गुन्हा केला, तर पालक किंवा गाडीचा मालक दोषी धरला जातो. त्याला तीन वर्षांपर्यंत कैद आणि २५ हजार रुपये दंड होऊ शकतो. गाडीची नोंदणी बारा महिन्यांसाठी रद्द होते. मुलाला वयाच्या पंचविसाव्या वर्षापर्यंत लायसन्स मिळत नाही. आपल्याला माहीत नव्हते किंवा आपण अडवले होते, हे सिद्ध करण्याची जबाबदारी पालकांवर येते. दुधाला पाठवताना स्वतःच किल्ली दिलेली असेल, तर हे कसे सिद्ध करणार?

विम्याचेही तसेच आहे. चालवणाऱ्याकडे लायसन्स नसताना अपघात झाला, तर जखमीला दिलेली भरपाई विमा कंपनी मालकाकडून वसूल करू शकते. आयुष्यभराची पुंजी एका सकाळच्या घाईत जाऊ शकते.

हे झाले पैशाचे. केंद्रीय वाहतूक मंत्रालयाच्या आकडेवारीनुसार २०२२ साली देशात रस्ते अपघातांत १,६८,४९१ माणसे दगावली. त्यांत सर्वांत मोठा वाटा दुचाकीस्वारांचा होता. त्यांतल्या प्रत्येक घरात कोणीतरी दाराकडे डोळे लावून बसले होते.

मग मुलाने शिकायचे केव्हा आणि कसे? त्यासाठीच शिकाऊ लायसन्स आहे. अर्ज आता संगणकावरून करता येतो. केंद्राच्या नियमांप्रमाणे प्रत्येक प्रकारच्या वाहनासाठी १५० रुपये आणि परीक्षेचे ५० रुपये फी आहे. परीक्षेत वाहतुकीची चिन्हे व नियम, अपघात झाल्यास चालकाची कर्तव्ये, फाटक नसलेली रेल्वे ओलांडताना घ्यायची काळजी आणि जवळ बाळगायची कागदपत्रे, यांवर प्रश्न असतात. किमान ६० टक्के उत्तरे बरोबर यावी लागतात. काही पालक मुलाच्या शेजारी बसून स्वतःच उत्तरे सांगतात. मुलाचे लायसन्स निघते, पण चौकात समोर पिवळा दिवा लागेल तेव्हा सांगायला बाबा शेजारी नसतात.

हे लायसन्स सहा महिने चालते आणि भारतभर मान्य असते. निदान तीस दिवस झाल्याशिवाय पक्क्या लायसन्सची परीक्षा देता येत नाही. हे तीस दिवस सरावासाठीच ठेवलेले आहेत. गाडीच्या पुढे व मागे पांढऱ्या पाटीवर लाल अक्षरात ‘एल’ हवे. मोटार शिकताना शेजारी पक्के लायसन्स असलेली व्यक्ती हवी, आणि तीही गाडी थांबवता येईल अशा जागी बसलेली. दुचाकीवर शिकवणाऱ्याखेरीज दुसऱ्या कोणाला मागे बसवता येत नाही. मित्राला ‘डबलसीट’ नेणे तर अजिबात चालत नाही.

अठरा पूर्ण होईपर्यंत घरात बरेच काही करता येते. सायकलवर डावी बाजू धरणे, वळताना हात दाखवणे, चौकात मागे वळून पाहणे या सवयी अंगवळणी पडल्या की पुढे त्या गाडीवरही टिकतात. मुलगा मागे बसला तरी हेल्मेटचा पट्टा लावायचा, हा नियम लहानपणापासून ठेवता येतो. सर्वांत महत्त्वाचे म्हणजे सिग्नल तोडायचा नाही आणि एकेरी रस्त्यात उलटे घुसायचे नाही, हे आधी बाबांनी पाळायचे. मुलगा पहिले धडे मागच्या सीटवर बसूनच घेत असतो.

सोळाव्या वर्षीच्या अर्जावर पालकांची सही लागते, अठराव्या वर्षी ती लागत नाही. तेव्हा आपला शब्द चालण्याची हीच थोडी वर्षे आहेत, हे ओळखून पालकांनी तो ठामपणे, पण न रागावता सांगावा. ‘‘वाढदिवस झाला की दोघे मिळून आरटीओत जाऊ’’ असे वचन द्यावे आणि ते पाळावे. तोपर्यंत बसच्या पासाचे पैसे वेळेवर द्यावेत, आणि क्लास फारच लवकर असेल तर आठवड्यातून दोन दिवस बाबांनीच सोडायला जावे. वाटेत गप्पाही होतील.