हेडफोन घेण्यापूर्वी एक प्रश्न



दिवाळीच्या फराळविक्रीतून आपल्या रविवारच्या वर्गाकडे थोडे पैसे जमले आहेत. त्यातून मराठी गोष्टी आणि संवाद ऐकण्यासाठी बारा हेडफोन घ्यायचे, असे पालकसभेत ठरले. इथपर्यंत सगळ्यांचे एकमत आहे. पण कोणते घ्यायचे यावर दोन तट पडले आहेत. काही काका-काकूंचे म्हणणे असे, की आता वायरचे हेडफोन कोण घेतो? मुलांना आवडतील असे बिनवायरचे इअरबड्स घ्या. बाईंनी आम्हा मुलांनाही मत लिहायला सांगितले, म्हणून हा लेख. माझे मत वायरच्या बाजूने आहे.

आधी माझी स्वतःची गोष्ट सांगतो. दोन उन्हाळे शेजाऱ्यांचे गवत कापून साठवलेल्या पैशांतून मी एका मोठ्या कंपनीचे इअरबड्स घेतले. पहिले वर्ष छान गेले. दुसऱ्या वर्षी उजव्या कानातला तासाभरात मान टाकू लागला, मग वीस मिनिटांत. दुकानात जाऊन विचारले, बॅटरी बदलून मिळेल का? तिथला माणूस म्हणाला, बॅटरी बदलत नाहीत, नवीन घे, सध्या सवलत चालू आहे. आवाज पहिल्यासारखाच उत्तम होता. बाकी सगळे ठीक होते. संपली होती ती फक्त शेंगदाण्याएवढी बॅटरी.

त्याच डिसेंबरात आम्ही मुंबईला गेलो. बाबांनी इथे शिकत असताना, १९९६ साली, घेतलेले कॉस कंपनीचे हेडफोन बरोबर होते. त्यांची वायर पिनेजवळ तुटली होती. काका मला लॅमिंग्टन रोडवर घेऊन गेले. तिथे एका जिन्याखाली टेबल मांडून बसलेल्या गृहस्थांनी तुटका भाग कापला, नवी पिन घेतली, डाख दिला आणि दहा मिनिटांत हेडफोन वाजू लागले. मग मी माझे इअरबड्स पुढे केले. त्यांनी ते उलटसुलट करून पाहिले आणि म्हणाले, "बाळा, हे उघडलं की संपलं. हे उघडायसाठी केलेलंच नाही."

ते वाक्य माझ्या डोक्यात घर करून बसले आहे.

हेडफोन ही मुळात फार साधी वस्तू आहे. एक लोहचुंबक, तांब्याच्या बारीक तारेचे वेटोळे आणि एक पातळ पडदा. यात झिजतात त्या वस्तू म्हणजे वायर, पिन आणि कानावरच्या गाद्या, आणि त्या बदलता येतात. इअरबडमध्ये मात्र लिथियमची बॅटरी असते. काही शे वेळा चार्ज झाली की तिची ताकद उतरत जाते, हा तिचा स्वभावच आहे. तिला बदलायची सोय न ठेवता कवच चिकटवून बंद केले, की वस्तू किती वर्षे चालणार हे कारखान्यातच ठरते. सप्टेंबर २०१६ मध्ये ॲपलने आयफोन ७ मधून हेडफोनचा जॅक काढून टाकला, व्यासपीठावरून त्याला धैर्य म्हटले, आणि त्याच दिवशी एअरपॉड्स दाखवले. यंत्रांच्या दुरुस्तीची माहिती देणाऱ्या आयफिक्सिट या संस्थेने ते उघडून पाहिले आणि दुरुस्तीसाठी दहापैकी शून्य गुण दिले. तरीही पुढे बहुतेक कंपन्या त्याच वाटेने गेल्या.

आता बाबांच्या हेडफोनची कंपनी पाहा. ती आपल्या शिकागोपासून दीड तासावर, मिलवॉकीत आहे. जॉन कॉस यांनी १९५३ साली, लग्नात सोफा घेण्यासाठी मिळालेल्या पैशांतून, रुग्णालयातील रुग्णांना टीव्ही भाड्याने देण्याचा धंदा सुरू केला. पुढे १९५८ मध्ये मार्टिन लँग या सहकाऱ्याबरोबर त्यांनी एक स्टिरिओ रेकॉर्ड प्लेअर तयार केला आणि त्याच्या जोडीला हेडफोन बनवले. प्रदर्शनात लोकांचे लक्ष प्लेअरऐवजी हेडफोनकडेच गेले! घरी बसून स्टिरिओ संगीत ऐकण्याच्या हेडफोनचा धंदा तिथून वाढला. या कंपनीचे पोर्टा प्रो हे मॉडेल १९८४ साली आले आणि जवळपास त्याच रूपात आजही विकले जाते. त्याच्या स्पंजच्या गाद्या थोड्या डॉलरांत मिळतात. अनेक हेडफोनना आजीवन हमी देणारी कंपनी म्हणूनही ती ओळखली जाते.

कोणी म्हणेल, इतके चांगले आहे तर ही कंपनी सर्वांत मोठी का नाही? प्रश्न रास्त आहे. २०२४ च्या आर्थिक वर्षात तिची विक्री सुमारे सव्वा कोटी डॉलर होती. उलट ॲपलने २०१४ मध्ये बीट्स ही हेडफोनची कंपनी तीनशे कोटी डॉलरना घेतली. ज्याचा हेडफोन तीस वर्षे चालतो, त्याच्याकडे गिऱ्हाईक तीस वर्षांनी परत येते. दर दोन-तीन वर्षांनी गिऱ्हाईक परत यावे, असे वाटणाऱ्या दुकानदाराला असला माल परवडत नाही. पण दुकानदाराची ही अडचण आपण आपल्या फराळाच्या पैशांतून का सोडवायची?

बिनवायरचे सोयीचे असतात हे मला मान्य आहे. पळताना वायर नको वाटते. आणि लहान आकारामुळे बॅटरी बदलता येणारच नाही, असेही नाही. फेअरफोन या डच कंपनीने २०२४ मध्ये ग्राहकाला स्वतः बॅटरी बदलता येईल असे इअरबड्स काढले. युरोपीय संघाने २०२३ साली कायदा करून, काही अपवाद सोडता, छोट्या उपकरणांतील बॅटरी ग्राहकाला काढता-घालता आली पाहिजे असे ठरवले आणि त्यासाठी फेब्रुवारी २०२७ ही तारीख दिली. म्हणजे इच्छा असली की मार्ग निघतो.

आपल्या वर्गापुरते बोलायचे, तर आपल्या लॅपटॉपना जॅक आहे. बारा इअरबड्स दर शनिवारी रात्री चार्ज कोण करणार? एका खोलीत बारा जोड्या बारा लॅपटॉपना जोडता जोडता गोष्टीचा अर्धा तास जाईल. आणि शिशुगटातल्या मुलांच्या हातून एक बाजू हरवली, की दुसरीही निरुपयोगी.

म्हणून माझी विनंती आहे, की खरेदीला जाणाऱ्या काकांनी आणि मावशींनी दुकानात किंमत विचारण्याआधी एक प्रश्न विचारावा: बिघडल्यावर हे उघडता येईल का? उत्तर "नाही" आले, तर पुढच्या दुकानात जावे.

ज्यांना हे पटत नाही त्यांनी पुढच्या अंकात जरूर लिहावे. आणि आपण वायरचे हेडफोन घेतलेच, तर तुटलेल्या वायरला डाख देण्याचे काम माझ्याकडे. बाबांच्या जुन्या वायरवर माझा सराव सुरू झाला आहे.

— वरिष्ठ गटातील एक विद्यार्थी