शिडी न लावता
अमेरिकेतल्या छपरांच्या धंद्यातही आता ‘घरून काम’ शिरलं आहे. विमानातून किंवा ड्रोननं टिपलेल्या फोटोंवरून छपराचा उतार, क्षेत्रफळ मोजायचं, १०० चौरस फुटांच्या ‘स्क्वेअर’च्या हिशेबानं दरपत्रक पाठवायचं, सगळं खुर्चीतूनच. विम्याची कागदपत्रंही तशीच. फोटोत छपरावरच्या शिंगल्सच्या आवरणाखालची कुजलेली फळी मात्र दिसत नाही; ती जुनं आवरण उपटल्यावरच सापडते आणि मग दरपत्रक पुन्हा लिहावं लागतं. खिळे ठोकणाऱ्याला कसलं आलंय हायब्रिड! बांधकामात ६ फूट किंवा त्याहून अधिक उंचीवर काम असेल तर पडण्यापासून संरक्षण द्या, असा तिथला सरकारी नियम आहे. अंदाजपत्रकवाल्याच्या फेऱ्यांचं वाचलेलं पेट्रोल मालकांनी आधी या कामगारांच्या दोरांवर आणि पट्ट्यांवर खर्चावं.